पानीस्वामी

बोअर मारताना पाणी लागायच्या जरा आधी भुकटी बदलते. तोवर भोकातून करडी धूळ उडत असते, नाकातोंडात जाते, डोक्याचे केस पिठात घोळल्यासारखे होतात. मग ती धूळ जड होते, मुठीत धरली की गोळा बसतो आणि तिला ओल्या पाटीसारखा वास येतो. बोअरच्या गाडीवर एक तरी माणूस हा वास ओळखणारा लागतो. आमच्या गाडीवर तो मी होतो. पुढे मी नगराध्यक्ष झालो, एकदा आमदारही झालो, पण खात्रीने जमणारं काम मला आयुष्यात हे एकच मिळालं.

या अंकाच्या संपादकांनी माझ्याकडे राजकारणातल्या आठवणी मागितल्या. "अण्णा, परक्या मुलखात येऊन तुम्ही एवढं केलं, ते लिहा," असं ते म्हणाले. काय केलं ते लिहितो. वाचून झाल्यावर ते 'एवढं' होतं की नाही, तुम्हीच ठरवा.

माझं नाव पळनीसामी. मी तमिळनाडूत तिरुचेंगोडूकडचा. तिकडच्या बोअरच्या गाड्या देशभर फिरतात. अशाच एका गाडीबरोबर मी मजूर म्हणून वाशीम जिल्ह्यात आलो. सोनवळ या गावाबाहेर गाडीचा कॉम्प्रेसर बसला. मालक सामान आणायला गावी गेला तो दीड महिना परतला नाही, आणि गाडी राखायला मी मागे राहिलो. मला मराठीचा एक शब्द येत नव्हता. जवळच भीमनगर होतं. तिथला गौतम इंगोले माझ्याच वयाचा, नुकतंच लग्न झालेला. तो रोज ज्वारीची भाकर आणि तुरीच्या डाळीचं वरण घेऊन यायचा आणि मी जेवेपर्यंत समोर बसून बोलत राहायचा. मला कळतंय की नाही याची त्याला फिकीर नव्हती. माझं मराठी त्याच्या तोंडचं आहे. आजही घाईत बोललो की 'मला'चं 'मले' होतं. माझं नाव मात्र गावाच्या जिभेवर कधी बसलं नाही. पळनीसामीचं पलनीस्वामी झालं आणि पहिला बोअर लागल्यावर पानीस्वामी.

पुढे मी मालकाकडून ती जुनी गाडी घेतली, मग दुसरी घेतली, सोनवळलाच घर बांधलं, बायकोला आणलं. आमचा धंदा बाहेरच्या माणसाला गूढ वाटतो, पण तो सोपा आहे. आपल्याकडचा खडक काळा. त्यात पाणी साठून राहत नाही, फटींमधून वाहतं. फट सापडली तर पाणी, नाही तर धूळ. फट कुठे आहे हे वरून कुणालाच दिसत नाही. म्हणून पानाड्या येतो, तळहातावर नारळ ठेवून शेतात फिरतो आणि नारळ उभा राहिला की इथे मारा म्हणतो. रिठदला एकाच्या शेतात असा नारळ ताडकन उभा राहिला. तीनशे फूट गेलो, कोरडं. शेतकरी पानाड्याकडे बघायला लागला. पानाड्या शांतपणे म्हणाला, "पानी हाये. पन ते खाली खाली सरकून राह्यलं." आम्ही सगळे पोट धरून हसलो. आता वाटतं, त्या दिवशी शेतात खरं बोलणारा तो एकटाच होता.

कारण या धंद्यातली दुसरी गोष्ट अशी, की तुमच्या शेतातली फट आणि शेजाऱ्याच्या शेतातली फट बहुतेक वेळा एकच असते. जो खोल जातो तो वरच्याचं ओढून घेतो. मग वरचा माणूस आमच्याकडे येतो आणि आणखी खोल जायला सांगतो. मी आलो तेव्हा दीडशे फुटांवर पाणी लागायचं. मग तीनशे, मग पाचशे. प्रत्येक वेळी तेच लोक, त्याच शेतात मला पुन्हा बोलवायचे आणि पाणी लागलं की माझ्याच गळ्यात हार घालायचे. हे काय चाललंय हे मला पहिल्या दोन वर्षांत कळलं होतं. न कळल्यासारखं वागायला मात्र कुणी शिकवावं लागलं नाही.

एका उन्हाळ्यात गावच्या विहिरीवर नंबरावरून मारामारी झाली आणि भीमनगरच्या बायकांच्या घागरी फुटल्या. दुसऱ्या दिवशी मी गाडी भीमनगरात नेली, समाजमंदिरासमोर फुकट बोअर मारला आणि हापसा बसवून दिला. गौतमची बायको, शोभावहिनी, हिनं पहिली घागर भरली. त्या हापशाच्या जोरावर मी आधी नगरसेवक झालो आणि मग नगराध्यक्षपदाला उभा राहिलो. नळाचं पाणी घरोघरी देईन, एवढंच माझं आश्वासन होतं.

प्रचारसभेत विरोधी उमेदवारानं लोकांना विचारलं, "याले मराठी तरी येते काय? उद्या हा आपल्याले गाव सोडा म्हनीन."

मी उठून म्हणालो, "भाऊ, मराठी तं येते. पन खोटं बोलाची मराठी अजून शिकून राह्यलो, तुमच्यापाशी येतो शिकाले." सभा उसळली. निवडणूक मी तिथेच जिंकली. बोललो ते विनोदानं. पुढे ती मराठी मी कुणाकडे न जाता शिकलो.

माझ्यामागे दोन माणसं होती. एक गौतम, जो माझ्याबरोबर निवडून येऊन पाणीपुरवठा समितीचा सभापती झाला. दुसरे बाबाराव देशमुख. गावाच्या वरच्या अंगाला, नाल्याच्या चढावर त्यांची आणि त्यांच्या भाऊबंदांची जमीन, तिच्यात संत्र्याच्या बागा आणि हळद. आसपासच्या खेड्यांत त्यांचा शब्द चालायचा. गावाला पाणी देणारी विहीर त्याच नाल्याच्या खालच्या अंगाला होती. माझी नळयोजना या विहिरीवर उभी राहायची होती.

योजना मंजूर झाली, पाइप गाडले गेले, टाकीचे खांब उभे राहिले. विहिरीचं पाणी मात्र दर महिन्याला उतरत होतं. गौतमनं हट्ट धरून भूजल कार्यालयातल्या भूवैज्ञानिक बाईंना बोलावलं. त्या दोन दिवस उन्हातून चढावर फिरल्या, बोअर मोजले आणि त्यांनी लेखी कळवलं, की विहिरीच्या वर अकरा खोल बोअर आहेत. त्यांचा उपसा थांबवला नाही तर योजना पूर्ण होईपर्यंत विहीर संपेल. नगर परिषदेनं तसा ठराव करून वर पाठवावा.

अकरापैकी नऊ बोअर माझ्या गाड्यांनी मारले होते. जमीन सगळी बाबारावांची आणि त्यांच्या माणसांची. आणि विधानसभेच्या उमेदवारीसाठी पक्षात माझं नाव चाललं होतं, ते बाबारावांनीच चालवलं होतं.

सभेच्या आदल्या दिवशी दुपारी गौतम माझ्या केबिनमध्ये आला. त्यानं ठरावाचा मसुदा स्वतःच्या अक्षरात लिहून आणला होता.

"पाह्यलं काय बाईनं काय लिहिलं?" तो म्हणाला.

"पाह्यलं."

"मंग उद्या विषय घे. मी मांडतो. तुले फक्त अध्यक्ष म्हनून सही करा लागते."

"गौतम, चार महिने थांब. निवडणूक होऊ दे. आमदार झालो तं धरणातूनच पाणी आणू आपण. या विहिरीचं काय घेऊन बसला?"

"धरनाचं पानी आलं तं चांगलंच हाये. नाई आलं तं?"

"येईल ना."

त्यानं मसुदा परत हातात घेतला. मग म्हणाला, "तू बोर मारतानी मानसाले असंच म्हंतो काय रे? येईल ना, म्हनून?"

दुसऱ्या दिवशी सभेत त्यानं विषय मांडला. नगर परिषदेत कुठलाही विषय मारायचा असेल तर त्याला विरोध करायचा नसतो. 'सदर विषय पुढील सभेत घेण्यात यावा' असं म्हणायचं. विषय जिवंत दिसतो, कुणी दुखावत नाही आणि पुढील सभा कधी येत नाही. मी तेच वाक्य म्हणालो. कारकुनानं लिहून घेतलं. गौतमनं आपला मसुदा घडी करून शर्टाच्या खिशात ठेवला आणि शेवटपर्यंत बसून राहिला. सभात्याग करणं त्याच्या स्वभावात नव्हतं.

चार महिन्यांनी मी आमदार झालो. गुलाल उधळला, गाडीवरून मिरवणूक निघाली. भीमनगरात मिरवणूक पोचली तेव्हा शोभावहिनींनी ओवाळलं. गौतम घरात होता. तब्येत बरी नाही, असं त्या म्हणाल्या.

आमदाराचं काम काय असतं, हे लोकांना वाटतं तसं नसतं. दिवसाचा बराच भाग लग्नं, तेरव्या आणि पत्रं यांत जातो. 'शिफारस करण्यात येत आहे' असं छापील कागदावर लिहून सही करायची. सगळ्याच पत्रांना मान दिला तर सरकार चालणार नाही, हे अधिकाऱ्याला माहीत असतं. म्हणून खरं काम असेल तर आपण पत्रामागून फोन करायचा. फोन आला नाही की पत्र फायलीत जातं. पत्र नेणाऱ्या माणसाला हे ठाऊक नसतं. तो ते पत्र प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून, छातीशी धरून नेतो.

एकदा सोनवळचेच एक गृहस्थ आले. मुलगा शिकलेला, दुकान होतं, पण लग्न जमत नव्हतं. आसेगावकडच्या एका घरची मुलगी पसंत होती. तिच्या बापानं सांगितलं होतं, की तुमच्या गावात पोरीचा जन्म पाणी वाहण्यात जाईल, मी देत नाही.

"साहेब, एक पत्र द्या," ते म्हणाले. "वर्षात घरात नळ येते म्हनून. तुमची सही पाह्यली की तो मानते."

माझ्या मदतनिसाला हसू आवरेना. मीही हसत हसत पत्र लिहून दिलं. एका वर्षाच्या आत आपल्या घरी नळाद्वारे पाणीपुरवठा करण्यात येईल, करिता कळविण्यात येते. लग्न झालं. मी जाऊन अक्षताही टाकल्या.

योजनेचं उद्घाटन झालं तेव्हा मोठे पाहुणे आले होते. नळाला तीन आठवडे पाणी आलं. मग दिवसाआड, मग आठवड्यातून एकदा, मग नळ उघडला की नुसती हवा. विहिरीचा तळ दिसायला लागला. धरणातल्या पाण्यावर आमच्या आधी दोन शहरांचा हक्क लागला होता. ते मला मुंबईत गेल्यावर कळलं. आधी विचारलं असतं तर कुणीही सांगितलं असतं.

दुसऱ्या उन्हाळ्यात माझी गाडी गावातून चालली असताना एक बाई रस्त्यात उभी राहिली. डोक्यावर पदर, कमरेवर रिकामी कळशी. मी काच खाली केली. तिनं एक कागद पुढे केला. माझंच पत्र होतं, त्याला प्लॅस्टिकचं आवरण घातलेलं.

"हे वाचून दाखवा जी," ती म्हणाली.

"बाई, योजनेचं काम चालू आहे..."

"नाई, वाचून दाखवा. माह्या बापानं हे वाचून मले दिलं इथं."

चार लोक जमले होते. मी वाचलं नाही. ड्रायव्हरला गाडी काढायला सांगितलं. ती बाजूला झाली. ओरडली नाही, दगड मारला नाही. गाडी पुढे गेल्यावर माझ्या लक्षात आलं, की पत्र माझ्याच हातात राहिलं आहे. ते परत पाठवायला पाहिजे होतं. पाठवलं नाही.

त्याच अधिवेशनात मी तारांकित प्रश्न टाकला. काहीतरी करावं असं खरंच वाटत होतं. प्रश्नांची एक ठरलेली भाषा असते. 'सोनवळ येथील पाणीपुरवठ्याची विहीर कोरडी पडली आहे, हे खरे आहे काय?' आणि 'असल्यास, त्याची कारणे काय आहेत?' उत्तर छापून आलं. पहिल्याला, 'हे अंशतः खरे आहे.' दुसऱ्याला, विहिरीच्या वरच्या भागातील खोल विंधन विहिरींमुळे पातळी खालावल्याचे भूवैज्ञानिकांनी कळवले होते. 'तथापि, उपसा थांबविण्याबाबत नगर परिषदेचा ठराव प्राप्त झाला नाही.'

सभागृहात माझ्या नावापुढे हे छापलेलं होतं. विचारणारा मी, आणि ज्याच्याबद्दल उत्तर होतं तोही मीच. शेजारच्या आमदारानं कागद पाहून विचारलं, "तेव्हा नगराध्यक्ष कोण होतं तुमच्याकडे?" मी पाणी प्यायला बाहेर गेलो. लॉबीत थंड पाण्याचं यंत्र होतं. मी एक पेला भरला आणि बराच वेळ तसाच धरून उभा राहिलो.

त्यानंतर महिन्याभरात शोभावहिनी पडल्या. भीमनगरचा हापसा कधीच कोरडा झाला होता. बायका चढावरच्या एका शेतातल्या जुन्या विहिरीवर जायच्या. पायऱ्यांना शेवाळ नव्हतं, पाणी पार तळाला गेलं होतं तर वर शेवाळ कुठून येणार. पायऱ्यांचा दगडच निसटला. खुब्याचं हाड मोडलं. मी दवाखान्यात गेलो तेव्हा त्या म्हणाल्या, "भाऊजी, तुमाले कायले तरास देल्ला यायनं?" मी डॉक्टरांशी बोललो, एका मोठ्या डॉक्टरांना फोन केला, सगळी धावपळ केली. आमदाराच्या ओळखीनं जे जे होतं ते सगळं झालं. त्या पुन्हा नीट चालल्या नाहीत.

गौतमचा मुलगा पुण्याला नोकरीला होता. तो आई-वडिलांना घेऊन जायला आला. गौतमनं सामान फार नेलं नाही. भांडी, पुस्तकं, भिंतीवरचा बाबासाहेबांचा फोटो. मी निरोप द्यायला गेलो. चार पिढ्या त्या गावात राहिलेला माणूस टेम्पोत बसत होता आणि दीड महिन्यासाठी आलेला माणूस त्याला निरोप देत होता. त्या वर्षी भीमनगरातल्या आणखीही काही घरांना कुलपं लागली. बाबारावांच्या बागाही वाळायला लागल्या होत्या. चढावर आता माझ्या नाही, दुसऱ्याच गाड्या आठशे फुटांवर जात होत्या.

पुढची निवडणूक मी हरलो. डिपॉझिट वाचलं एवढंच. बाबारावांनी या वेळी दुसऱ्याचं काम केलं. त्यांना दोष देत नाही. मी त्यांच्या कामाचा उरलो नव्हतो.

मागच्या वर्षी पुण्याला गेलो आणि गौतमकडे उतरलो. नवव्या मजल्यावर दोन खोल्या. वहिनी काठीचा आधार घेऊन दारापर्यंत आल्या. गौतम बारीक झाला होता. जेवण झाल्यावर मी बरीच वर्षं तोंडात घोळवलेलं वाक्य बोललो.

"मी त्या ठरावावर सही करायला पाहिजे होती."

"केली असती तं निवडून नसता आला."

"नसतो आलो."

"अन् येऊन काय झालं?"

तो चिडून विचारत नव्हता. त्याला खरंच जाणून घ्यायचं होतं, असं वाटलं. मी आठवायचा प्रयत्न केला. दोन रस्ते, एक शाळेची इमारत, शिरपूर जैनच्या यात्रेकरूंसाठी बसथांब्यावर एक शेड.

"घर तसंच आहे तुझं," मी म्हणालो. "परत चाल."

"कायले?" गौतम म्हणाला. मग माझी कीव आल्यासारखा, "माहा राग नाई रे तुह्यावर. राग असता तं मी आलो असतो परत, भांडाले."

तो राग नसणं मला झोंबलं. परत आल्यावर मी ठरवलं, की उरलेल्या दिवसांत निदान लोकांना सांगायचं. मी माझ्या अंगणातला बोअर मुरूम आणि सिमेंट टाकून बुजवला. गावोगाव बोलायला जातो. कुणी बोलावत नाही, मीच सरपंचांना फोन करतो. माजी आमदार म्हणून ते नाही म्हणत नाहीत.

या उन्हाळ्यात मंगरूळपीर तालुक्यातल्या एका गावी बोललो. समाजमंदिरात पन्नास-साठ माणसं होती. खडक कसा असतो, फटी कशा असतात, आपण एकमेकांचं पाणी कसं ओढतो, हे मी फळ्यावर चित्र काढून सांगितलं. मी स्वतः किती भोकं पाडली आणि ठराव कसा मारला, तेही लपवलं नाही. सगळे गप्प होऊन ऐकत होते. दोन-तीन म्हातारी माणसं मान हलवत होती. बोलून झाल्यावर मला अनेक वर्षांनी जरा हलकं वाटलं.

लोक उठले तेव्हा एक पन्नाशीचा माणूस जवळ आला. त्यानं माझ्या पायांना हात लावला. त्याची बाग येताना रस्त्यावरच दिसली होती. संत्र्याची झाडं शेंड्याकडून वाळत आलेली आणि खाली पडलेली फळं लिंबाएवढी.

"अन्ना, लय सच्चं बोलले तुमी," तो म्हणाला. "मले पटलं. बावीस वर्सं झाले त्या झाडायले. एक इचारू काय? हजार फुटावर जानारी गाडी कोनाची हाये? आमच्या इकडचे सातशेच्या खाली जात नाईत."

"आत्ता मी काय सांगितलं तुम्हाला?"

"ते खरंच हाये. पन झाडं याच महिन्यात मरून जाईन ना, अन्ना."

माझ्या मेहुण्याचा मुलगा आता गाड्या चालवतो. त्याच्याकडे हजार फुटांची गाडी आहे. मागे कुणीतरी फळ्यावरचं चित्र पुसत होतं. त्या माणसानं खिशातून पेन काढलं आणि लिहायला तळहात पुढे केला.

मी फोन काढला, नंबर शोधला आणि एकेक आकडा सावकाश सांगितला.